लाईन चालू आहे

“कुणाकडे चाललात?” नाक्यावरच्या शिपायानं पिशवीत हात घालत विचारलं.

“ओळखीच्या बाई आहेत.”

“ओळख कुठली?”

“फोनवरची.”

शिपायानं मान वर केली. सीमा उघडून जेमतेम आठवडा झाला होता. कुणी बहिणीला भेटायला जात होतं, कुणी जुनं घर उभं आहे का ते बघायला. हे कारण त्याला नवीन होतं. त्यानं पिशवीतला डबा उघडून हुंगला, झाकण लावलं आणि म्हणाला, “जा. अंधार पडायच्या आत परत या.”

परकं सरकार होतं तेव्हा हा सगळा एकच मुलूख होता. टेलिफोनची तार त्यांनीच ओढलेली, एक एक्स्चेंज अलीकडच्या गावात, एक पलीकडच्या. जाताना त्यांनी मधून रेघही ओढली. दोन देश झाले, दोन झेंडे झाले आणि पुढे डोंगरातल्या एका खिंडीवरून दोघांची जुंपली. तार मात्र कुणी कापली नाही. जखमी उचलायचे, मेलेले परत द्यायचे, तर दोन्ही सैन्यांना बोलायला एक जागा हवीच होती. म्हणून रोज सकाळी दोन्हीकडच्या ऑपरेटरनं ती तपासायची, असा हुकूम होता.

“लाईन चालू आहे?”

“चालू आहे.”

एवढंच बोलायचं. नाव सांगायला बंदी. म्हणून या टोकाची ती अलीकडची आणि त्या टोकाची ती पलीकडची.

पण शेजारचा अधिकारी चहाला उठला की मधे चार शब्द घुसायचेच. पलीकडचीचा लाडका विषय म्हणजे तिची सून. सून भांडी आपटते. सून उशिरा उठते. सुनेनं आज पुन्हा भाजी खारट केली. अलीकडची हसू दाबत ऐकायची. तारेवर एवढी खरखर, की माणूस पत्र्याच्या डब्यातून बोलतोय असं वाटे. तरी सासूचा राग बरोबर पोचायचा.

मग अलीकडच्या विमानांनी पलीकडच्या गावावर बॉम्ब टाकले. काही दिवस लाईन मुकी होती. पुन्हा सुरू झाली तेव्हा पलीकडचीचा घसा बसलेला. “धूर गेलाय,” ती म्हणाली. पुढच्या हिवाळ्यात अलीकडचीचाही आवाज असाच बसला. थंडी बाधली, असं तिनं सांगितलं. दोघींचे घसे पहिल्यासारखे कधी झालेच नाहीत, पण सुनेची गाऱ्हाणी काही थांबली नाहीत. युद्ध थांबवण्याचा पहिला निरोपसुद्धा याच तारेवरून गेला.

आता अलीकडची पायी निघाली होती. काय बोलायचं ते वाटभर मनाशी जुळवत होती. फोनवर बरं असतं, समोर चेहरा नसतो. एक वाक्य जमलं की दुसरं मोडायचं.

एक्स्चेंजची अर्धी भिंत जुनी होती, अर्धी नव्या विटांची. मागच्या खोलीचं दार एका बाईनं उघडलं. पस्तिशीची असेल. हात पिठानं भरलेले.

ही सून, अलीकडचीनं ओळखलं. “सासूबाई आहेत का घरात?”

बाईनं दार आणखी उघडून तिला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

“लाईन चालू आहे का, एवढंच विचारायला आले होते.”

बाईचा पिठाचा हात तोंडावर गेला. “अगंबाई! तुम्ही? आत या ना. फोनवर जरा थोराड वाटायचात हो.”

“तारेचा दोष,” अलीकडची म्हणाली, पण तिचा पाय उंबऱ्यातच अडला. समोरचा आवाज फोनवरचाच होता. रोजचा.

बाईनं तिला धरून खुर्चीवर बसवलं आणि आपण समोर जमिनीवर बसली.

“सासूबाई त्या बॉम्बमध्येच गेल्या. कामावर होत्या. तार जोडल्यावर त्यांच्या जागी मला बसवलं, मला काम येत होतं म्हणून. मी ठरवूनच बसले होते, तुम्हाला अशा शिव्या घालायच्या की तार वितळली पाहिजे. तोंड उघडणार, तेवढ्यात तुम्हीच विचारलंत, ‘जिवंत आहेस ना गं? सूनबाई बरी आहे ना?’”

“मग?”

“‘तिला काय धाड भरलीय!’ असं निघून गेलं तोंडातून. सासूबाईंचंच बोलणं ते. मग मागे कसं फिरायचं? रोज उठून स्वतःच्याच चहाड्या करत बसले. कधी कधी तर वाटायचं, म्हातारीचं काही चुकत नव्हतं.” ती हसली, आणि हसता हसताच तिचे डोळे भरून आले. तिनं ते दंडाला पुसले. “त्या सकाळी मी शिव्या दिल्या असत्या ना, तर आमच्या साहेबांनी तार तिथंच तोडली असती. ते निमित्तच शोधत होते. तुमच्या एका प्रश्नानं राहिली. पण तुम्हाला फसवलं मी. रागवायचं तर रागवा.”

अलीकडचीनं पिशवीतला डबा काढून मांडीवर घेतला. तिनं वाटभर जुळवलेलं सगळं सासूबाईंसाठी होतं. आता ते सुनेलाच सांगायचं होतं.

“मी रागावू कशी?” ती म्हणाली. “तो प्रश्न माझ्या आईनं विचारला होता. ती पुढच्याच हिवाळ्यात गेली. तेव्हापासून फोनवर मी आहे.”