लांब पापण्या

"या वेळी लांब लावा," बेडवर आडवी होत धाकटी म्हणाली. चष्मा तिने आधीच काढून ट्रेमध्ये ठेवला होता.

"चष्म्याला घासतील, मॅडम."

"घासू देत."

थोरलीने नाकावरचा मास्क सारखा केला आणि चिमटा उचलला. हट्ट म्हणजे हट्ट! नंबर उणे आठ आणि हट्ट अधिक ऐंशी, असं घरात सगळे म्हणायचे हिला. चष्मा काढला की समोर माणूस उभं आहे की कपाट, हे दुसऱ्याने सांगावं लागायचं.

त्या नंबरावरच तर थोरलीचं सगळं चाललं होतं.

आईच्या शेवटच्या दुखण्यात थोरली वेळेवर पोचली नव्हती. कारणं होती. पण ती ऐकायला धाकटीने दार तरी उघडायला हवं ना! दाराआडूनच तिने सुनावलं होतं, "जन्मात पुन्हा तुझं तोंड बघणार नाही." आणि बोलली तशी वागली बया. फोन नाही, पत्ता नाही. वर्षं गेली.

मग गेल्या वर्षी एका दुपारी ती याच बेडवर येऊन पडली. कुणाच्या पार्लरात आलो याचा तिला पत्ता नव्हता. थोरलीने तिला लगेच ओळखलं. पण तोंडावर मास्क होता, घशाच्या ऑपरेशनपासून आवाज पार फुटका झाला होता, आणि चष्मा ट्रेमध्ये होता. "डोळे मिटा," एवढंच ती कशीबशी म्हणाली.

तेव्हापासून धाकटी नेमाने येत होती. सगळ्या बायका म्हणतात तशी 'ताई' म्हणायची. ती चष्मा काढेपर्यंत थोरली पडद्याआड थांबे, आणि तो परत नाकावर चढायच्या आत पुन्हा पडद्याआड जाई. मधे काम संपलं की मास्क हनुवटीवर ओढायची. धाकटी डोळे उघडायची आणि घटकाभर दोघी बहिणी समोरासमोर. एकीला दिसायचं, दुसरीला नाही. तेवढ्यासाठी थोरली जीव टांगून वाट बघायची.

गेले दोन-अडीच महिने मात्र तेही नव्हतं. डोळे आलेत, असा धाकटीने पार्लरला फोन केला होता. थोरलीने आज आधी पापणी उलटून नीट पाहिलं. लाली नव्हती. हुश्श केलं.

ती एकेक नकली केस ग्लूत बुडवून पापणीला चिकटवू लागली.

"ताई, एक विचारू? लेझरने नंबर घालवला तर पापण्या लावता येतात का हो?"

चिमटा हवेतच थांबला. नंबर गेला की संपलंच. पुढच्या खेपेला ही दारातून आत येईल, बघेल आणि आल्या पावली परत जाईल. 'छे छे, मग कधीच नाही' एवढं म्हटलं की काम भागणार होतं. शब्द अगदी ओठांवर आले होते.

पण लहानपणी चष्मा फुटला की भिंत चाचपत चालणारी ती पोर तिच्या डोळ्यांपुढे आली.

"लगेच नाही," ती म्हणाली. "काजळ नाही, मस्कारा नाही. पापण्या तर नाहीच नाही. ग्लूचा वास झोंबतो, हात जातो, चोळलं की विचका. दोनेक महिने जाऊ द्यायचे, आणि डॉक्टरांना विचारूनच लावायच्या. पण नंतर लावता येतात. करून घ्या खुशाल. सुटाल एकदाच्या."

"मला वाटलं, नको म्हणाल."

"मी कशाला नको म्हणू?"

धाकटीने बोटाने स्वतःची भुवई चाचपली. मग म्हणाली, "सगळ्या विचारतात, भुवईवर ही खूण कशाची. तुम्ही कधी विचारलं नाहीत."

"पडल्या असाल कुठे."

"पाडलं. बहिणीने. सायकल शिकवते म्हणाली आणि दिली सोडून."

थोरलीने पुढचा केस उचलला. "असते कुठे ती?"

"असते. तोंड बघत नाही मी तिचं."

"फार राग आहे?"

"होता तेव्हा खूप होता," धाकटी म्हणाली. "तुमचं काम चालू द्या."

थोरलीने चिमटा पुन्हा चालवला. शेवटचा केस बसला. छोट्या पंख्याने तिने पापण्या वाळवल्या आणि मास्क खाली ओढला. आता ही शेवटचीच खेप, असं तिने मनाला बजावलं.

"उघडा डोळे."

धाकटीने उघडले. वर बघत राहिली, नेहमीपेक्षा जरा जास्तच. बघता बघता तिचे डोळे भरून आले.

"झोंबतंय का?"

"थोडं. सगळं धुरकट दिसतंय."

'दिसणारच,' थोरली मनात म्हणाली. पोटभर बघून घेतलं आणि पडद्याआड गेली.

"येते गं, ताई!" बाहेरून आवाज आला. दार वाजलं.

'गं'? ऐकण्यात चूक झाली असेल. ती ट्रे आवरायला आली आणि दचकलीच. चष्मा तिथेच होता.

"अगं बाई! आता ही आंधळी रस्ता कसा ओलांडणार?"

मास्कबिस्क विसरून चष्मा हातात धरून ती धावत दाराशी आली. धाकटी केव्हाच रस्त्यापलीकडे पोचली होती. तिने स्कूटर वळवली, दाराकडे बघून हात हलवला आणि गाड्यांच्या गर्दीतून सुळकन निघून गेली.

थोरली बघतच राहिली. मग तिने तो चष्मा हळूच स्वतःच्या डोळ्यांवर चढवला. गरगरेल म्हणून आधी चौकट घट्ट धरली. काही गरगरलं नाही. समोरच्या दुकानाची पाटी होती तशीच दिसत होती, अक्षर न अक्षर.

धाकटीचे डोळे खरंच आले होते.