अनोळखी शहरातली वाट

तियानफू चौकाच्या मेट्रो स्टेशनात लिन बाकावर बसली आणि म्हणाली, "आता तुम्ही मला हॉटेलवर न्यायचं. मी काही बोलणार नाही."

अरुणा मनातून खूश झाली. हा बेत तिचाच होता. टोरांटोजवळच्या रिचमंड हिलहून चीनला निघायच्या आधी तिनं या चोवीस वर्षांच्या गाइडला गुपचूप मेल केली होती. चेंगडू आम्हाला टॅक्सीनं नको, मेट्रोनं आणि बसनं दाखव. आणि माझ्या नवऱ्याला अजिबात मदत करू नकोस.

त्याला तसंच कारण होतं. जनार्दननं एप्रिलमध्ये गाडी विकून टाकली. म्हणे ड्रायव्हिंगचा कंटाळा आला. तेव्हापासून तो घरात बसून होता. अरुणा कधी गाडी शिकली नाही, आणि बसचं तर त्यांच्या घरात नावच निघत नसे. बस म्हणजे कॅनडात नवीन आलेल्यांची. पंचेचाळीस वर्षांपूर्वी पहिली गाडी दारात उभी राहिली तेव्हाच ते दोघं बसला विसरले. आता मुलगा उन्मेष दर रविवारी फोनवर तेच सांगत होता. घर विका, कॅलगरीला या, बेसमेंट रिकामंच आहे. मुलाच्या बेसमेंटमध्ये म्हातारपण काढायची अरुणाची मुळीच तयारी नव्हती. जनार्दनला एकदा बसची सवय लागली की घर वाचेल, असा तिचा हिशेब होता.

"अहो, बघा ना कुठली लाइन घ्यायची ती. खाली इंग्लिशमध्येपण लिहिलंय."

जनार्दननं नकाशाकडे पाहिलं. "मला काय कळतंय त्यातलं? शेवया सांडल्यासारखं दिसतंय सगळं. तू बघ."

अरुणाला हसावं की रडावं कळेना. या माणसानं अर्ध्या ओंटारिओत पूल बांधले होते आणि त्याला चार रंगांच्या रेघा कळत नव्हत्या! दुपारी हॉटेलात त्यानं मेनूकार्डसुद्धा तिच्याकडे सरकवलं होतं. ती मुद्दाम गप्प उभी राहिली. तोही ढिम्म हलेना. दोन गाड्या आल्या आणि गेल्या. लिन फोनमध्ये डोकं घालून बसली होती.

शेवटी अरुणाच पुढे झाली. चढली ती नेमकी उलट्या दिशेच्या गाडीत, आणि तिच्यामागून ते दोघं. तीन स्टेशनं गेल्यावर तिच्या लक्षात आलं आणि ती दाराकडे सरकली.

"नॉट माय फॉल्ट," जनार्दन शांतपणे म्हणाला.

"तुम्ही तर बोलूच नका!"

ती उतरली, जिना चढून पलीकडे गेली. या वेळी दारावरच्या पाटीवरची नावं तिनं एकेक करून वाचली, बोटांवर स्टेशनं मोजली. वर रस्त्यावर आल्यावर बस सापडेना, तेव्हा भाजीची पिशवी घेतलेल्या एका बाईपुढे तिनं हॉटेलचं कार्ड धरलं. बाईनं तिचं मनगट पकडून तिला थेट योग्य स्टॉपवर नेऊन उभं केलं. बसमध्ये गर्दी होती. जनार्दन तिच्या खांद्यावर हात ठेवून मागे उभा राहिला आणि उतरेपर्यंत त्यानं तो काढला नाही. हॉटेलचं दार दिसलं तेव्हा तिचा जीव भांड्यात पडला.

"आणलंस की," तो म्हणाला. त्याचा चेहरा इतका खुलला होता की तिला भांडणही सुचेना. पुढचे चार दिवस हेच झालं. ती शोधायची आणि तो मागून यायचा.

टोरांटोच्या विमानतळावर जनार्दन विचारू लागला, शेजारच्या विक्रमला फोन करायचा का, तो येईल न्यायला. "कशाला त्याला त्रास?" अरुणा म्हणाली. "बस जाते की." एकदा बस बदलून, बॅगा ओढत ती दोघं घरी पोचली. कुणाला विचारावंही लागलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं लिनला मेल केली. सुखरूप पोचलो, तू गोड मुलगी आहेस, पण बेत मात्र पार फसला. नवरा होता तसाच राहिला.

उत्तर लगेच आलं. "आंटी, पहिल्याच सकाळी अंकलनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं की आंटीला मदत करू नकोस. मग मी कुणालाच केली नाही. त्यांनी एक कागदही दिला होता. तुम्ही घरी पोचल्याचं कळलं की पाठव म्हणाले. मला वाचता येत नाही, तुमच्या भाषेत आहे."

खाली कागदाचा फोटो होता. अक्षर जनार्दनचंच, पण बोट बोट उंचीचं, आणि ओळी एकमेकींवर चढलेल्या.

"अरुणा, गाडी कंटाळा आला म्हणून विकली नाही. दोन्ही डोळ्यांत मधोमध डाग आहे. समोरची पाटी मला वाचता येत नाही, आणि डॉक्टर म्हणतात हे वाढत जाणार. तोंडानं सांगायला जमेना. शिवाय आधी सांगितलं असतं, तर तू घाबरून उन्मेषकडे जायला निघाली असतीस. म्हणून म्हटलं, आधी तुला कळू दे, की तू मला कुठूनही घरी आणू शकतेस."