कमांडरच्या डायरीतला धोंडबा

"काहून घाबरून राहिले गा नत्थूजी? जपानी माणूस येऊन राहिला, भूत नाई," नत्थूजींचा दोस्त प्रेमानंद म्हणाला आणि त्यांच्या बशीतली सांबारवडी उचलून तोंडात टाकली.

नत्थूजींनी सारी बशीच त्याच्याकडे सरकवली.

लफडं सारं प्रेमानंदनंच करून ठेवलं होतं. कामठीच्या टपरीवर नत्थूजी नेहमी आपल्या बापाची गोष्ट सांगायचे. त्यांचा बाप धोंडबा लढाईच्या काळात अंदमानात होता. जपानी नौदलाच्या खानावळीत राबायचा. एक दिवस कमांडर ओकुनोनं जेवणाचं ताट लाथाडलं, आणि धोंडबानं सर्व्यांसमोर त्याच्या कानाखाली वाजवली. टपरीवर ही थप्पड रोज पडायची, अन् रोज कालच्यापेक्षा जोरात. प्रेमानंदनं गंमत म्हणून त्याचा व्हिडिओ काढला, खाली इंग्रजीत नाव-गाव टाकलं आणि दिला सोडून.

काही महिन्यांनी जपानहून निरोप आला. कमांडरच्या नातवाचा. आजोबांच्या लढाईतल्या डायरीत नागपूरच्या धोंडबाचं नाव आहे. ते पान धोंडबाच्या मुलासमोर वाचायचं आहे. येऊ का?

मोहल्ल्यानं परस्पर 'या' म्हणून टाकलं. समाजभवन झाडून झालं. चौकात फ्लेक्स लागला, 'जपान्याले झापडवणारा वाघ!' प्रेमानंदची पोरगी मेघा मिहानमधल्या एका कंपनीत जपानी दुभाषी होती. रविवारची सुट्टी होती तिची, तरी झोपेतून उठवून आणली.

"हार दोन आणले," नत्थूजींची बायको कुसुमताई सांगत होती. "एक पावण्याले, एक बाबाजींच्या फोटोले. पण तुमचं तोंड काहून उतरलं हो?"

"ॲसिडिटी झाली वं."

ॲसिडिटी नव्हती. थप्पड नव्हतीच कधी. बाप लढाईनंतर एकटाच कामठीत आला, त्याच्या आधीच्या गणगोताचं कोणी कधी दिसलं नाही, आणि याच घरात, याच खाटेवर म्हातारा होऊन गेला. जाण्याच्या आदल्या दिवशी त्यानं नत्थूजींचा हात धरला आणि म्हणाला, "भुकेपायी म्या तिथं आपल्याच एका माणसाचं नाव सांगतलं. चोर म्हणून. मंग तो पुन्हा दिसला नाई." कोणाचं नाव, हे विचारायची नत्थूजींची हिंमत झाली नाही. तेरवी झाली आणि पुढच्याच महिन्यात टपरीवर पहिली थप्पड पडली.

आता ते पान येत होतं. खुद्द कमांडरच्या हातचं.

कमांडरचा नातू, हा ओकुनो, साठीचा, बारीक, करड्या सुटातला माणूस निघाला. दारातच कमरेपर्यंत वाकला. मोहल्लाही वाकला. तो पुन्हा वाकला. मोहल्लाही पुन्हा वाकला. थांबावं कोणी, हे कोणालाच समजेना. शेवटी प्रेमानंदच्या कंबरेत उसण भरली तेव्हा कुठं सारे बसले.

ओकुनो स्टेजवरच्या फोटोसमोर गेला. पांढऱ्या मिशांचा, तोंडाचं बोळकं झालेला म्हातारा. ओकुनोनं मेघाला काहीतरी विचारलं.

"काका, ते विचारून राहिले, हे आजोबा कोण?"

"कोण म्हणजे? माहे बाबा. धोंडबा."

मेघानं सांगितलं. ओकुनो पुन्हा फोटोकडे पाहत राहिला. मग त्यानं रेशमी कापडातून डायरी काढली.

"थप्पडवालं पान पहिले!" मागून कोणीतरी ओरडलं. शिट्ट्या वाजल्या.

नत्थूजी उठले. माईक हातात घेतला.

"पान वाचायच्या आधी मी सांगतो," ते म्हणाले. "थप्पड झूट आहे. मीच बनवली. माह्या बापानं कोणाले मारलं नाई. त्यानं आपल्याच माणसाचं नाव जपान्यांले सांगतलं. तो माणूस जिवानिशी गेला. मले लाज वाटत होती, म्हणून मी बापाले वाघ केला. आता पावण्याच्या तोंडून ऐकण्यापेक्षा माह्या तोंडून ऐका."

कुसुमताईनं पदर तोंडाला लावला. प्रेमानंद, ज्याला मयतीतही हसू येतं, तो आपल्या चपलेकडे पाहत बसला.

"भैताड साला," तो पुटपुटला. "मले तरी सांगायचं होतं. व्हिडिओ टाकला असता का मी?"

मेघानं हळू आवाजात ओकुनोला सारं सांगितलं. तो ऐकत गेला तशी त्याची मान हलायला लागली. नाही, नाही. हातानंही नाही.

"काका," मेघा म्हणाली, "ते म्हणून राहिले, असं नाहीच आहे. चुगली धोंडबानं केली नव्हती."

"मंग?"

ओकुनो एकेक ओळ वाचत गेला, मेघा सांगत गेली.

"'गोदामातला तांदूळ चोरीला जात आहे. आज आचारी रामाजी यानं चोराचं नाव सांगितलं. त्याला बक्षीस म्हणून पोटभर भात दिला.'"

"रामाजी!" प्रेमानंद खुर्चीवर उभाच राहिला. "आयकलं का गा नत्थूजी? चुगलखोर दुसराच होता! म्हातारपणी बाबाजीच्या डोक्यात काही बसलं असंन. तुमचा बाप साफ आहे, एकदम साफ!"

टाळ्या पडल्या. पोट्टे नाचायला लागले. कुसुमताईनं पदरातून तोंड बाहेर काढलं. नत्थूजींना रडू आवरेना. इतकी वर्षं उगाच मान खाली घातली, उगाच थापा मारल्या. त्यांनी ओकुनोचे दोन्ही हात धरले. ओकुनो मात्र हसला नाही. त्यानं हात सोडवून घेतले आणि फोटोसमोर नाही, नत्थूजींसमोर गुडघे टेकले, कपाळ जमिनीला लावलं.

"अरे, उठा भाऊ. पाया कायले पडता?" नत्थूजी म्हणाले. "मेघा, तू वाच बेटा पुढं. माह्या बाबाबद्दल काय लिहिलं?"

मेघानं डायरी घेऊन पान उलटलं. एकदा फोटोकडे पाहिलं. पुन्हा पान पाहिलं.

"वाच न वं."

"'आज सकाळी चोराला किनाऱ्यावर नेलं. नाव धोंडबा, नागपूरचा. तलवार मीच चालवली.'"