धाकटीचे तीन तास

"आलं! यान परत आलं!"

कार्यशाळेत टाळ्यांचा कडकडाट झाला. थोरलीनेही टाळ्या वाजवल्या. मनात मात्र म्हणाली, आलं का एकदाचं.

ते यान तिने जोडलं होतं. कवचाचा एकेक सांधा तिच्या हातचा. काळ आणि अंतर एकाच उडीत ओलांडणारं ते पहिलंच यान. पहिल्या उड्डाणाला आपण जायचं, या एका आशेवर तिने सात वर्षं तोंडावर वेल्डिंगचा मुखवटा चढवला होता. निवडीत शेवटी दोघी उरल्या, ती आणि तिची सख्खी धाकटी बहीण. शेवटच्या चाचणीत धाकटी एक दशांश सेकंदाने पुढे निघाली.

"एवढ्या वेळात डोळासुद्धा मिटून होत नाही," असं थोरली त्या दिवसापासून भेटेल त्याला ऐकवायची.

धाकटी सकाळी नऊला निघाली आणि सव्वानऊला परतली. तेवढ्यात तिने एका दूरच्या ताऱ्याला वळसा घातला, नऊ वर्षं पुढच्या याच शहरात ती उतरली आणि तिथे तीन तास फिरून आली. पत्रकारांनी तिला गराडा घातला. ताऱ्याबद्दल ती भरभरून बोलली. त्या तीन तासांचा विषय काढला की म्हणायची, "शहर पाहिलं. रस्ते रुंद झालेत." बस्स.

त्या आठवड्यापासून ती रोज संध्याकाळी थोरलीच्या घरी येऊ लागली. एरवी महिन्यातून एकदा तोंड दाखवणारी ही बया आता सत्कार नाकारून यायची. घरात माणसं दोनच, थोरली आणि तिची सहा वर्षांची लेक. नवऱ्याने केव्हाच दुसरा संसार थाटला होता.

धाकटी ओट्याशी उभी राहायची आणि विचारत सुटायची. हिला दुधात साखर किती लागते? कुठलं औषध सोसत नाही? शाळेचे कागद कुठे ठेवतेस? झोपताना तू हिला कुठलं गाणं म्हणतेस? एकदा तर वहीत लिहून घेताना दिसली.

पोरगीही मावशीला चिकटली. "मावशीलाच वेणी घालू दे. तू केस ओढतेस." थोरलीच्या अंगाचा तिळपापड झाला. कंगवा तिने आपटलाच.

मग शाळेतून बक्षीस समारंभाची चिठ्ठी आली. एका मुलामागे एकच पाहुणा.

"मावशी येईल," पोरगी म्हणाली. "ती यानातून गेली होती. तू कुठे गेलीस?"

"आईच येणार," धाकटी एकदम तोडून बोलली. "मी अजिबात येणार नाही. आईच हवी." पोरगी रडत बाहेर अंगणात पळाली.

दान! थोरलीला तेच झोंबलं. माझ्याच लेकीच्या समारंभाला मी जायचं, ते हिच्या मेहेरबानीने!

"बास झालं," ती म्हणाली. "यान घेतलंस, गप्प बसले. पेपरात तुझा फोटो, सांधे माझे, तरी गप्प बसले. आता माझं लेकरूही हवंय तुला?"

"ताई, तसं नाही गं."

"मग कसं? रोज येऊन काय शिकतेस इथे? माझ्या जागी बसायला?"

धाकटीने नळ बंद केला. ओले हात तसेच ठेवून ती खुर्चीत बसली.

"त्या तीन तासांत मी या घरी आले होते. ओळखीच्या कुणाला भेटायचं नाही, असा नियम होता. मोडला. म्हटलं, तारा कसा होता ते सगळ्यांत आधी तुला सांगायचं. तो खरा तुझा होता."

थोरलीचा राग जागच्या जागी अडला. "मग? काय म्हणाले मी?"

धाकटी खिडकीबाहेर बघत होती. अंगणात पोरगी डोळे पुसत एकटीच दगड रचत होती.

"दार हिने उघडलं," धाकटी म्हणाली. "माझ्या खांद्याला लागते आता. मला बघून दचकली नाही, काही नाही. दप्तर उचलत सहज म्हणाली, 'आई, आज लवकर आलीस?'"