बारा लाडू आणि एक

"हाताने वळलेले लाडू, आणि प्रमाण विचलन अर्धा ग्रॅम? आकडे मनानेच लिहिलेस," म्हणत सरांनी माझ्या संख्याशास्त्राच्या वहीवर लाल फुली मारली.

ते लाडू ऑर्डरचे लाडू करणाऱ्या माझ्या आईचे होते; घरी जाऊन मी तिला हे सांगितलं. दुसऱ्या दिवशी ती भाजलेल्या बेसनाची परात घेऊन थेट वर्गात आली.

"वजनकाटा आणा," ती सरांना म्हणाली आणि लाडू वळू लागली. सर एकेक वजन फळ्यावर मांडत गेले. बारा लाडवांची सरासरी चाळीस ग्रॅम, विचलन अर्ध्याहूनही कमी. वर्गाने बाकं बडवली. सरांनी वही मागून घेऊन फुलीवरच सही केली.

उरलेल्या बेसनाचा भलामोठा लाडू आईने सरांच्या हातावर ठेवला. सवयीने ते तोही काट्यावर ठेवायला गेले.

"तो मोजायचा नाही, सर," आई म्हणाली. "तो खायचा."