बानू ऊर्फ म्हाळसा

“म्हणजे म्हाळसा ती हीच, आणि बानू तीही हीच?” मोहनरावांनी तिसऱ्यांदा विचारलं.

“व्हय साहेब,” बिरू म्हणाला. “म्हायारचं नाव बानू. लगनात म्हाळसा ठिवलं. पर हाक समदी बानूच मारत्यात.”

मोहनरावांनी चष्मा कपाळावर चढवला. बारामतीत विम्याची एजंटी घेऊन त्यांना अजून वर्षही झालं नव्हतं, आणि असला गुंता पहिल्यांदाच पदरात पडला होता. पुढ्यात दोन कागद होते. एक सिद्धू नावाच्या मेंढपाळाची पॉलिसी, आधीच्या एजंटानं काढलेली. खाली सिद्धूचा अंगठा, वारस म्हणून बायको म्हाळसा. दुसरा भिगवणच्या पाटलाचा दाखला. मेंढरं घेऊन तिकडं तळ पडला असताना सिद्धू पटकीनं गेला, मागं बायको बानू, असं त्यात लिहिलेलं. मुंबईच्या कंपनीनं दोन्ही कागद परत धाडले होते आणि सोबत एकच ओळ लिहिली होती, बाया दोन की एक ते कळवा.

“खंडोबाला दोघी होत्या,” मोहनराव म्हणाले. “तुझ्या भावानं एकीतच भागवलं म्हणायचं.”

कुणी हसलं नाही. बानू ओसरीच्या खांबाला टेकून बसली होती. तिचं कपाळ मोकळं होतं. मोहनरावांना आपल्याच बोलण्याची लाज वाटली.

“मग पाटलाला म्हाळसा का नाही सांगितलं?” त्यांनी घाईघाईनं विचारलं.

“तवा ही शुद्धीत कुठं व्हती? तोंडात आलं ते सांगितलं.” बिरू पुढं सरकला. “साहेब, कागूद आजच करा. उद्या हिचा बा न्यायला येतोय. कऱ्हाटीच्या एका बिजवराशी पाट लावायचा म्हंतोय. त्यो बिजवर पोरी घ्यायला तयार न्हाय. दोन हायत्या. धाकटी अजून अंगावर पिती. विम्याचं काम झालंय असा कागूद दावला तर बा मागं फिरंल.”

मोहनरावांनी बानूकडं पाहिलं. “खरं का, बाई?”

“पोरींबिगर मी जगायची न्हाय,” ती म्हणाली. आल्यापासून ती पहिल्यांदाच बोलली होती.

मोहनरावांचा जीव कळवळला. त्यांनी नवा कागद घेतला. टाक दौतीत बुडवता बुडवता, ओसरीवरचा जडपणा थोडा हलका व्हावा म्हणून त्यांनी विचारलं, “तुझ्या घरी कोण कोण रे, बिरू?”

बिरू रस्त्याकडं बघत होता. त्याला हाक दुसऱ्यांदा मारावी लागली. बानू मात्र पहिल्याच हाकेला दचकली होती.

“बायकू दोन वरसांमागं गेली, साहेब. बाळातपणात. मूल बी गेलं. आता ह्या पोरींस्नी मीच हाय.”

मोहनरावांनी कागद पुढं ओढला. ते लिहायला लागले. जबानी म्हणजे बाईनं ती स्वतःच्या तोंडानं म्हणायला हवी. “मी सांगतो तसं माझ्यामागून म्हणा,” ते म्हणाले. “मी, बानू ऊर्फ म्हाळसा.”

“मी, बानू ऊर्फ म्हाळसा.”

“मयत सिद्धू याची बायको.”

एवढं म्हणून मोहनराव टाक खाली ठेवून मागं रेलले. या जागी बाया हमखास अडतात हे त्यांना आता ठाऊक झालं होतं. नवऱ्याचं नाव घ्या म्हटलं की पदर तोंडात जातो, शेजारणीला बोलवावं लागतं, कधी कधी तर उखाण्याशिवाय गाडी हलत नाही.

“मयत सिद्धू याची बायको,” बानू एका दमात म्हणाली.

मोहनराव बघतच राहिले. दुःख बाईमाणसाला किती धीट करतं, असं त्यांच्या मनात आलं आणि त्यांना भरून आलं.

“मयत नीट लिवा, साहेब,” बिरू हळूच म्हणाला. “मागनं कुणाला शंका नगं.”

मोहनरावांनी ठळक अक्षरात लिहिलं. बानूनं अंगठा उमटवला. आता राहिला साक्षीदार. मोहनरावांनी शाईची गादी बिरूपुढं सरकवली. बिरूनं डावा हात वर केला. अंगठ्याला चिंधीचा जाडजूड गठ्ठा बांधलेला होता.

“लोकर कातरताना कातर लागली,” तो म्हणाला.

“असू दे. अंगठ्यावाचून अडत नाही.” मोहनराव आता कुठल्याच गोष्टीला अडवणार नव्हते. “बाई, साक्षीदार तुमच्या ओळखीचा आहे एवढं नाव घेऊन सांगा. मी लिहितो आणि तुम्हाला पोच देतो. की झालं काम. सांगा, या तुमच्या दिराचं नाव काय?”

बानूनं मान खाली घातली.

“बिरू ना? मग म्हणा की.”

तिनं पदर ओढून घेतला. ओठ हलले, पण आवाज निघेना.

“वयनी, घ्या नाव,” बिरू कळवळून म्हणाला. “पोरींसाठनं घ्या.”

मोहनराव पुरते गोंधळले. “अहो, नवऱ्याचं नाव घेतलंत तेव्हा अडला नाहीत, आणि दिराचं घ्यायला कसली लाज?”

बानूच्या डोळ्यांना धार लागली. ती मोहनरावांकडं पाहतच नव्हती. चिंधी बांधलेल्या त्या माणसाकडं वळून तिनं हात जोडले.

“माझ्यानं न्हाय व्हायचं, सिद्धूभावजी. धन्याचं नाव मी कसं घिऊ?”