उशिराचं कारण

राजापूरहून पहिल्या एसटीने आलेला धोंडू गोताड वकील सुर्वेबाईंच्या रत्नागिरीतल्या ऑफिसात शिरला. मागोमाग येऊन त्याची ईशा शेजारच्या खुर्चीत बसली. तिच्या शिष्यवृत्तीच्या अर्जाची मुदत टळली होती.

"आधी खात्याकडे विनंती करू. नाही म्हणाले तर हायकोर्टात जाऊ," बाई म्हणाल्या. "पण उशिराचं कारण खरं पाहिजे."

"दवाखान्यात होती ओ पोर."

ईशाने मान हलवली. कारण टिकणारं होतं. बाईंनी तिथल्या तिथे विनंतीअर्ज टाइप केला, प्रिंट काढली आणि ईशासमोर सरकवली.

"इथे सही कर, बाय."

धोंडू खुर्चीकडे बघत राहिला. "कोणाला सांगताय, बाई? ती दवाखान्यातनं आलीच नाय. दहाव्याला पिंडाला कावळा शिवंना. शेवटी मी बोललो, तुझा अर्ज भरतो, बाय. तेव्हा शिवला. मंजूर नाय झाला तरी चालंल, पण दिलेला शब्द पाळायचा हाय."

बाईंनी शेजारच्या खुर्चीकडे पाहिलं.

ईशा खाली मान घालून सही करत होती.